स्वयंपाकघरात बसवलेला प्रोफेसर

कुंभकोणमला विशालाक्षीबाईंच्या घरात एक उंबरठा होता आणि तो ओलांडला की भाषा बदलत असे. बाहेरच्या मोठ्या खोलीत कॉलेजची मुलं केळीच्या पानावर जेवत. तिथं बाई तमिळमध्ये वाढत, तमिळमध्ये रागवत, आणि सांबार पातळ झालंय असं कुणी कुजबुजलं तर तमिळमध्येच त्याचा उद्धार करत. आत स्वयंपाकघरात पाऊल पडलं की तोंडी मराठी. ती मराठीही पुण्या-साताऱ्याची नव्हे. भोसल्यांच्या मागोमाग तंजावरला आलेल्या कारकुनांनी जी बरोबर आणली होती, तीच पिढ्यान्‌पिढ्या वापरून मऊ झालेली, मधून मधून तमिळची ठिगळं लागलेली.

या लोकांचा हिशेब अगदी साधा. मराठी बोलतो तो नात्यातला. गावात मराठी घरं इतकी थोडी की प्रत्येक जण खरोखरच कुणाचा तरी मामा नाहीतर साडू निघायचा. त्यामुळे बाहेरच्यापासून जे झाकायचं ते तमिळमध्ये झाकायचं आणि आतल्याला जे सांगायचं ते मराठीत सांगून टाकायचं, एवढं पाळलं की घराची अब्रू शाबूत. परका माणूससुद्धा मराठी बोलू शकतो, ही गोष्ट शिकायची वेळ विशालाक्षीबाईंवर पन्नाशीपर्यंत आलीच नव्हती. आली ती प्रोफेसर साठ्यांच्या रूपानं.

त्र्यंबक साठ्ये पुण्याचे. वय तिशीच्या थोडं पुढं, अंगात खादीचा सदरा, नाकावर जाड चष्मा. ते समाजशास्त्राचे अभ्यासक होते. घरचे पुरुष कलकत्ता, मुंबई, सिंगापूरला नोकरीला जातात आणि बायका मागं राहतात. त्या बायकांचं पुढं काय होतं, याची पाहणी करायला ते कावेरीकाठी आले होते. कॉलेजातल्या कृष्णमूर्ती नावाच्या प्राध्यापकांकडे उतरले होते. कृष्णमूर्तींच्या बिऱ्हाडी चूल नव्हती. चार दिवस हॉटेलातली इडली खाऊन त्यांचा जीव मेटाकुटीला आला, तेव्हा कृष्णमूर्तींनी त्यांना विशालाक्षीबाईंकडे धाडलं.

पहिल्या दिवशी ते मुलांच्या पंगतीत बसले. बाईंनी रसम वाढलं. साठ्ये स्वतःशीच बोलल्यासारखे म्हणाले, "वा, आमटी म्हणायची की काय ही?"

बाईंच्या हातातला डाव थांबला. त्यांनी पुन्हा एकदा नीट पाहिलं आणि हलक्या आवाजात विचारलं, "तुम्ही मराठीं बोलतां कीं? मग बाहेर कां बसलां? आंत या."

झालं. केळीचं पान उचलून आत गेलं आणि पानामागोमाग प्रोफेसर. चुलीशेजारी पाट मांडला गेला. मुलगी गोमती लाजून कोपऱ्यात सरकली, पण तिलाही बाईंनी सांगितलं, "लाजतेस काय म्हणून? आपलेंच मनुष्य." साठ्यांना ती भाषा ऐकून हसूही येई आणि गहिवरूनही येई. जुन्या कागदांतली माणसं उठून वाढायला आली आहेत असं वाटतं, असं ते म्हणत. दुसऱ्या दिवसापासून ते बाईंना मावशी म्हणू लागले. पुण्यात भाजीवालीलाही मावशी म्हणतात, हे बाईंना कुणी सांगायचं?

आता गोमतीचं सांगायला हवं, कारण सगळं तिच्यावरच येऊन पडलं.

गोमती बाईंची एकुलती एक मुलगी. वडील लवकर गेले, बाईंनी मेस चालवून तिला वाढवली आणि सोळाव्या वर्षी तंजावरच्या शंकरनारायण नावाच्या मुलाला दिली. मुलगा कलकत्त्याच्या एका कचेरीत हिशेबनीस. लग्न करून तो गेला तो एकदाच आला, मग कामाला रजा नाही, मग राहायला खोली नाही, मग कागदच येईनासे झाले. तिसऱ्या वर्षी बाईंचा चुलतभाऊ व्यंकोबा कलकत्त्याहून आला. देवळाच्या पायरीवर बसून त्यानं सांगितलं की शंकरनारायणानं तिथं दुसरा संसार मांडला आहे, मूलही झालं आहे, आपण डोळ्यांनी पाहून आलो. बाईंनी त्याला तिथंच विठोबाची शपथ घातली. तो शब्दाला जागला आणि पुढं जमशेदपूरला निघून गेला. गावात आता हे एकट्या बाईंनाच ठाऊक होतं.

एकट्या म्हणजे एकट्याच. गोमतीलाही नव्हतं.

सांगायचं म्हणून त्या कितीदा तिच्याजवळ जाऊन बसल्या असतील. पण मुलगी कुंकू लावताना आरशात बघायची आणि विचारायची, "अम्मा, या वर्षीं तरी खोली मिळेल कीं?" "मिळेल कीं," त्या म्हणायच्या. एवढ्यावर भागेना, तेव्हा त्यांनी आणखी एक उद्योग आरंभला. दिवाळी जवळ आली की कापडवाल्या मणी चेट्टियारला सांगून कलकत्त्याकडची सुती साडी मागवायची, पांढरी, तांबड्या काठाची, आणि कुणी येणारा-जाणारा घेऊन आला असं सांगून गोमतीच्या हाती द्यायची. "मापिळ्ळैंनीं पाठविली." मापिळ्ळै म्हणजे जावई. गोमती ती साडी नेसून गल्लीभर मिरवून यायची. मुलीला फसवताना आईला काय वाटत असेल ते वाटो, पण मुलगी वर्षभर ताठ मानेनं चालायची, आणि बाईंना तेवढंच हवं होतं.

हे सगळं त्यांनी साठ्यांना सांगितलं.

गोमती त्या दिवशी भजनाला गेली होती. दुपारची वेळ, चूल विझलेली. साठ्यांनी फार खोदून विचारलंही नव्हतं. त्यांनी फक्त म्हटलं, "जावई काय म्हणतात मावशी?" आणि इतक्या वर्षांत कुणी मराठीत विचारलं नव्हतं म्हणा किंवा बाईंच्या छातीवरचा दगडच मोठा झाला होता म्हणा, त्या पाटावर बसून रडल्या आणि सांगत गेल्या. व्यंकोबा, कलकत्त्याचं मूल, साडी, अवघं.

 साठ्ये ऐकत मात्र सुरेख. मग म्हणाले, "मावशी, तुम्हाला वाटतं हे तुमच्याच कपाळी आलं. तुम्ही स्थळ नीट पाहिलं नाही, तुमचंच चुकलं."

"चुकलेंच कीं."

"नाही. मी या जिल्ह्यात जिथं जिथं गेलो तिथं अशी घरं आहेत. नोकऱ्या शहरात गेल्या, माणसं त्यांच्यामागं गेली, आणि लग्नं मात्र जुन्याच रीतीनं होत राहिली. मुलगी इथं, नवरा हजार मैलांवर. यात तुमचा दोष किती आणि काळाचा किती? हा तुमच्या घरचा कलंक नाही, समाजाचा प्रश्न आहे. आता तर दिल्लीत कायदाही झालाय, दुसरी बायको करता यायची नाही. पण घराघरांनी हे झाकून ठेवलं तर कायदा कुणाच्या उपयोगी पडणार? आधी कळलं पाहिजे. कळलं की उपाय निघतो."

 इतकी वर्षं बाई जवळच्या तिरुवलंचुळी गावच्या पांढऱ्या विनायकासमोर उभ्या राहून आपलं काय पाप ते विचारत होत्या, आणि हा पुण्याचा पोरगा सांगत होता की पाप नाहीच. त्या दिवशी त्यांना पोटभर जेवण गेलं. खरं सांगायचं तर त्या माणसानं त्यांचं भलं केलं, तेवढ्या दिवसापुरतं तरी केलं, आणि ते त्याच्या खात्यावरून काढून घेता येणार नाही.

"हें कोणास सांगूं नका," त्या एवढंच म्हणाल्या.

"नाव कुणाचंच घेत नाही आम्ही," साठ्ये म्हणाले. "तसा नियमच आहे."

मग बाई हौसेनं त्यांच्या कामाला लागल्या. शेजारच्या, मराठीच बोलणाऱ्या सुब्बलक्ष्मीचा नवरा सिंगापूरला जाऊन बसला होता. ती परक्या पुरुषापुढं तोंड उघडायला तयार नव्हती. बाई तिला म्हणाल्या, "परका कसला? मज मावशी म्हणतो." सुब्बलक्ष्मीनं तोंड उघडलं. आणखी दोन घरांत बाईंनी त्यांना असंच नेऊन बसवलं. आपल्या शब्दाला गावात किती वजन आहे हे त्यांना तेव्हाच पहिल्यांदा कळलं, आणि जरा चढलंही.

पाहणी संपत आली तेव्हा कॉलेजात साठ्यांचं व्याख्यान ठरलं. विषय होता आधुनिक समाजातले प्रश्न. प्रवेश सर्वांना, बायकांना पुढची बाकं. बाईंनी मेसच्या मुलांना सकाळीच सांगून टाकलं की आज संध्याकाळचा चहा मिळणार नाही, कारण आमच्या घरच्या माणसाचं भाषण आहे. गोमतीला त्यांनी हौसेनं नटवलं. गेल्या दिवाळीची साडी नेसायला लावली, पांढरी, तांबड्या काठाची. त्यांच्या मनात शंकेची पालही चुकचुकली नाही. साठ्ये बोलतील ते मोठं बोलतील, आपल्याला कळणारही नाही, पण आपण पुढच्या बाकावर असू.

साठ्ये इंग्रजीत बोलू लागले आणि कृष्णमूर्ती वाक्यावाक्याला थांबवून तमिळमध्ये सांगू लागले. सुरुवातीचं बरंच डोक्यावरून गेलं. कुटुंब कसं बदलतंय, शहरं कशी माणसं ओढून घेतायत, एकट्या माणसाचं दुःख आणि समाजाचा प्रश्न यांत फरक कुठला. हे शेवटचं बाईंना ओळखीचं वाटलं. त्यांनी गोमतीला कोपरानं ढोसलं आणि म्हटलं, "हें मज सांगितलें होतें."

मग कृष्णमूर्तींचा तमिळ आवाज म्हणाला, "एक उदाहरण घेऊ. महाराष्ट्रातून पूर्वी आलेल्या घराण्यातली एक विधवा. विद्यार्थ्यांना जेवण घालून गुजराण करते."

सभागृहातली अर्धी मुलं बाईंकडे जेवणारीच होती. ती वळून बघू लागली.

नाव घेतलं नव्हतं. गावही बदललं होतं. मायावरम म्हटलं होतं. पण व्यवसाय आणि जात सांगितल्यावाचून त्या शास्त्राला पुढं पाऊल टाकता येत नाही, आणि महाराष्ट्रातून आलेली, मेस चालवणारी विधवा अख्ख्या कावेरीकाठी एकच होती. आवाज पुढं सांगत राहिला. जावई कलकत्त्याला. तिथं दुसरी बायको, मूल. आई दर दिवाळीला स्वतः साडी विकत घेते, कलकत्त्याची, आणि जावयानं पाठवली म्हणून गल्लीत दाखवते. समाजाचं भय माणसाला किती शहाणं बनवतं पाहा.

लोक हसले. कुचेष्टेनं नाही, गोष्ट ऐकून हसतात तसे, सहज. मागच्या बाकावर मणी चेट्टियारचा जावई बसला होता, तो मोठ्यानं हसला.

 जे बाईंनी चुलीशेजारी, मराठीत, रडत सांगितलं होतं ते भिंतीवरच्या कर्ण्यातून तमिळमध्ये बाहेर येत होतं. त्यांना साठ्यांकडे बघवेना. शेजारी गोमतीकडे तर त्याहून नाही. गोमतीनं काही केलं नाही. उठली नाही, रडली नाही. तिनं मांडीवरच्या साडीवर दोन्ही हात पसरून ठेवले, जणू तिथं काही सांडलं आहे, आणि व्याख्यान संपल्यावर सगळ्यांबरोबर टाळ्याही वाजवल्या. शेवटी काही प्रतिष्ठित मंडळींची समिती नेमण्यात आली. समितीनं कॉफी घेतली आणि जी पांगली ती कायमची.

घरी येताना सुब्बलक्ष्मी पुढं चालत होती. तिनं दार लावून घेतलं ते ऐकू येईल असं.

स्वयंपाकघरात आल्यावर गोमतीनं विचारलं, "खरं आहे?" तमिळमध्ये विचारलं.

"बाळे, बैस. मी सांगतें तुज..."

"खरं आहे का तेवढं सांगा." तमिळमध्येच. आणि आईला अहोजाहो.

"खरें."

"तुम्हाला केव्हापासून ठाऊक?"

बाईंनी सांगितलं, साठ्यांनी कसं विचारलं तेही. गोमती म्हणाली, "त्यांनी एकदा विचारलं आणि तुम्ही सांगून टाकलंत. मी रोज विचारत होते."

 तुझ्या भल्यासाठी, असं म्हणायला बाईंनी तोंड उघडलं, पण ते त्यांनाच बेचव लागलं. गोमतीनं साडी बदलली, घडी केली, कपाळ पुसलं आणि मुलांची पानं मांडायला बाहेर गेली.

दुसऱ्या दिवशी साठ्ये नेहमीसारखे जेवायला आले, पाय धुतले, सरळ आत निघाले. विशालाक्षीबाई उंबरठ्यात उभ्या होत्या. त्यांनी बाहेरच्या पंगतीकडे हात केला आणि तमिळमध्ये सांगितलं की पान तिकडं मांडलंय.

"मावशी?"

त्यांनी पुन्हा तमिळमध्येच सांगितलं. साठ्यांना तमिळ येत नव्हतं, पाहणीतही कृष्णमूर्तीच दुभाष्याचं काम करत. ते गोंधळून मुलांमध्ये जाऊन बसले. बाईंनी भात वाढला, तूप वाढलं, कशात कसूर केली नाही. पण सांबार वाढताना त्यांना राहवलं नाही.

"चुलीपाशीं मराठींत सांगितलें तें बाहेर तमिळांत कां गेलें?" त्या म्हणाल्या. "तुज आंत बसविलें. त्याचें हें फळ दिलेंस?"

साठ्यांचा चेहरा पडला. तो माणूस लबाड नव्हता. लबाड असता तर बाईंना सोपं गेलं असतं. "मी नाव घेतलं नाही मावशी, गावही बदललं. हे लोकांपुढं मांडलं नाही तर यातून मार्ग कसा निघायचा? तुम्हालाही पटलं होतं." मग त्यांचा आवाज खाली गेला. "साडी तुम्ही लोकांसाठी घेता असं मी समजलो. गोमतीला ठाऊक नाही हे तुम्ही मला कुठं सांगितलंत?"

ते मात्र त्यांनी सांगितलं नव्हतं. सगळं सांगताना तेवढंच राहून गेलं होतं, कारण तेवढ्याचीच त्यांना लाज वाटत होती.

तेवढ्यात गोमती आतून आली. हातात ताकाचं भांडं. साठ्यांच्या पानाजवळ थांबून ती स्वच्छ मराठीत म्हणाली, "काल जिची गोष्ट सांगितली त्या आईची कोणी मुलगी असेल कीं. तिनें पुढें काय करावें म्हणतें तुमचें शास्त्र?"

साठ्यांनी हातातला घास पानात ठेवला. बहुधा त्यांच्या पाहणीत असं कुणी उलट विचारलं नव्हतं. मग चाचरत म्हणाले की तिनं स्वतःच्या पायावर उभं राहावं. मद्रासला बायकांसाठी एक वसतिगृह आहे, तिथं नर्सचं शिक्षण देतात, नवऱ्यानं टाकलेल्यांना घेतात. ओळख आहे. हवं तर आपण बोलू शकू.

"बोला," गोमती म्हणाली.

"गोमती," बाई म्हणाल्या, "यानें काल तुज गांवापुढें उभें केलें."

"त्यांनी खरं सांगितलं," ती आईला तमिळमध्ये म्हणाली आणि पुढच्या पानावर ताक वाढायला गेली.

त्या दिवसापासून ती मुलगी घरात आईशी तमिळच बोलली. भांडली नाही, उलटून बोलली नाही. मीठ संपलं तर तमिळमध्ये, पाणी तापलं तर तमिळमध्ये, सगळं मानानं, बाहेरच्या वडीलधाऱ्या बाईशी बोलावं तसं. बाई मराठीत विचारत राहिल्या. कधी वाटायचं ओरडावं, थोबाडीत मारावी, म्हणजे तरी रडताना तिच्या तोंडून अम्मा निघेल. साठ्यांचा त्यांना राग होता आणि तो त्यांनी मरेपर्यंत सोडला नाही. पण तो पुण्याचा, परका, दोन महिन्यांचा पाहुणा. या पोरीला त्यांनी नऊ महिने पोटात वागवलं होतं.

मद्रासहून होकार आला. सकाळच्या गाडीनं निघायचं ठरलं. बाई न सांगताच स्टेशनवर गेल्या, गोमतीनं नको म्हटलं नाही. डब्यात एक पोक्त बाई आधीच बसली होती, अलीकडच्या सुंदरपेरुमाळ कोयिल स्टेशनात चढलेली, बरोबर वांग्यांची टोपली. गोमतीनं ट्रंक बाकाखाली सरकवली आणि ती तिच्या शेजारी बसली. विशालाक्षीबाई खिडकीबाहेर गजांना धरून उभ्या राहिल्या. इथं तरी मराठीत काही बोलेल, निदान येतें म्हणेल, म्हणून त्या तिच्या तोंडाकडे बघत होत्या.

वांगीवाल्या बाईनं दोघींकडे पाहिलं आणि गोमतीला विचारलं, "पोचवायला कोण आलंय? आई का?"

"नाही," गोमती म्हणाली. "या मेस चालवतात. मी यांच्याकडे राहत होते."

शिट्टी झाली. बाईंनी गज सोडले नाहीत. त्यांनी पदरानं तोंड पुसलं आणि त्या अनोळखी बाईला तमिळमध्ये म्हणाल्या, "हो, आमच्याकडेच राहायची. पोरगी फार गुणी आहे. तिला गाडी लागते, तेवढी खिडकीची जागा द्या."